लाल जर्सीचा संघ का थांबला?

 

आजचा विषय ऐकून तुम्हाला हसू येईल. आज पापड-मसाल्याचं बोलायचं नाही, बँकेच्या कर्जाचंही नाही. आज आम्ही एका फुटबॉल संघाची गोष्ट सांगणार आहोत. आता तुम्ही म्हणाल, ताई, आमचा आणि फुटबॉलचा काय संबंध? आम्हालाही आधी तसंच वाटलं होतं. पण शेवटपर्यंत ऐका. गोष्ट फुटबॉलची असली तरी ती येऊन थांबते आपल्या गटाच्या हिशोबाच्या वहीपाशी.

झालं असं, की आमच्या एका गटाची बैठक एका काकूंच्या घरी होती. दिवाळीपूर्वीची साफसफाई चालली होती. माळ्यावरची लोखंडी पेटी खाली काढली होती आणि तिच्यात जुन्या साड्यांच्या घडीखाली एक लाल रंगाची जर्सी निघाली. रंग विटलेला, गळा सैल झालेला. काकू म्हणाल्या, "ही आमच्या थोरल्या दिरांची. कांदिवलीला कंपनीत होते. पहाटेची लोकल धरायचे, दादरला गाडी बदलायचे. रविवारी तरी माणसाने घरी बसावं की नाही? पण कंपनीचा सामना असला की निघाले कूपरेजला!" मग जर्सीवरून हात फिरवत त्यांनी विचारलं, "एवढे कप जिंकणारा संघ होता म्हणे. मग बंद कसा झाला? हरणारा बंद होतो हे समजतं. जिंकणारा कसा बंद होतो?"

प्रश्न साधा होता, पण उत्तर कोणालाच देता येईना. म्हणून आम्ही माहिती काढली. तीच आज तुम्हाला सांगतो.

तो संघ म्हणजे महिंद्रा युनायटेड. जीप आणि ट्रॅक्टर बनवणाऱ्या महिंद्रा कंपनीने 1962 मध्ये तो सुरू केला. तेव्हा त्याचं नाव महिंद्रा अँड महिंद्रा अलाइड स्पोर्ट्‌स क्लब असं लांबलचक होतं. 2000 मध्ये ते बदलून महिंद्रा युनायटेड केलं. जर्सी लाल. कंपनी जीप बनवायची म्हणून फुटबॉलवाले या खेळाडूंना 'जीपमेन' म्हणायचे, म्हणजे जीपवाले.

त्या काळी कंपनीचा संघ असणं ही मुंबईत नवलाची गोष्ट नव्हती. टाटांचा संघ होता, मफतलालचा होता, ओर्के मिलचा होता. बँका, रेल्वे, तेल कंपन्या, सगळ्यांचे संघ असायचे. यामागचं गणित समजून घेऊ. चांगल्या खेळाडूला कंपनी नोकरी द्यायची. महिन्याचा पगार चालू, सरावाला सवलत, आणि खेळायचं वय सरलं की त्याच नोकरीत पुढे काम करायचं. गरीब घरातल्या मुलाला खेळाच्या जोरावर कायमची नोकरी मिळायची, त्याच्या आईच्या जिवाला स्वस्थता यायची. कंपनीला काय मिळायचं? नाव. शिवाय कामगारांना आपलं म्हणायला एक संघ मिळायचा. काकूंचे दीर रविवारी निघायचे ते त्यासाठीच.

हे सामने व्हायचे कूपरेज मैदानावर. मुंबईत मंत्रालयापासून चालत जाण्याच्या अंतरावर हे मैदान आहे. मुंबईच्या फुटबॉलचं ते माहेरघरच म्हणा. मुंबईत रोव्हर्स कप नावाची एक मोठी स्पर्धा 1891 पासून चालत आली होती. सुरुवातीला तिच्यावर गोऱ्या सैनिकांच्या पलटणींचं राज्य होतं. 1937 मध्ये बंगलोरच्या एका संघाने ती जिंकली, तेव्हा पहिल्यांदा हा कप भारतीय संघाकडे आला. कोलकात्याचे, हैदराबादचे मोठमोठे संघ या कपसाठी मुंबईला यायचे.

आता स्पर्धांचे दोन प्रकार सांगतो, म्हणजे पुढचं नीट कळेल. एक असते बाद पद्धतीची. हरला की घरी. शेवटी दोन संघ उरतात, त्यांची अंतिम लढत होते आणि जिंकणारा कप उचलतो. रोव्हर्स कप, ड्युरँड कप, फेडरेशन कप या अशा स्पर्धा. दुसरी असते साखळी, म्हणजे लीग. तिच्यात प्रत्येक संघ दुसऱ्या प्रत्येक संघाशी खेळतो. जिंकलं तर तीन गुण, बरोबरीत सुटलं तर एक, हरलं तर भोपळा. कित्येक महिने हे चालतं. ज्याचे गुण सगळ्यांत जास्त, तो विजेता. कप एखाद्या चांगल्या आठवड्यात जिंकता येतो. साखळी जिंकायला महिनोन्‌महिने टिकून राहावं लागतं. आपल्या भाषेत सांगायचं तर एका प्रदर्शनात स्टॉलवर चांगली विक्री होणं म्हणजे कप, आणि वर्षभर एकही हप्ता न चुकवणं म्हणजे साखळी.

महिंद्राने दोन्ही करून दाखवलं. तेव्हा दिल्लीत होणारा ड्युरँड कप ही आशियातली सर्वांत जुनी फुटबॉल स्पर्धा, 1888 मध्ये सुरू झालेली. तो कप त्यांनी 1998, 2001 आणि 2008 असा तीनदा जिंकला. फेडरेशन कप 2003 आणि 2005 मध्ये. कोलकात्याची आयएफए शील्ड म्हणजे तिथल्या लोकांचा जीव की प्राण. तीसुद्धा 2006 आणि 2008 मध्ये मुंबईला आणली.

आणि सगळ्यांत मोठं यश 2005-06 च्या हंगामातलं. देशाची राष्ट्रीय साखळी 1996 मध्ये सुरू झाली होती. पहिल्या नऊ हंगामांत ती पंजाब, कोलकाता आणि गोवा यांच्याच संघांनी जिंकली. दहाव्या हंगामात ती महिंद्रा युनायटेडने जिंकली. प्रशिक्षक होते गोव्याचे डेरिक परेरा. संघात ब्राझीलचा बॅरेटो होता, घानाचा याकुबू होता आणि मुंबईच्या मैदानांवर वाढलेला स्टीव्हन डायस होता. पुढच्या वर्षी ही साखळी गोव्याला परत गेली आणि 2007 पासून तिची जागा आय-लीगने घेतली. त्यामुळे ती जुनी राष्ट्रीय साखळी जिंकणारा महाराष्ट्राचा संघ एकच, महिंद्रा. 2007 मध्ये हा संघ आशियाई स्पर्धेत, एएफसी कपमध्ये उपांत्यपूर्व फेरीपर्यंत, म्हणजे शेवटच्या आठ संघांत पोहोचला.

आणि मग 2010 च्या मार्चमध्ये बातमी आली. हा हंगाम संपला की संघ बंद.

कंपनी बुडाली होती का? अजिबात नाही. संघ तळाला गेला होता का? तेही नाही. कंपनीने सांगितलं, की यापुढे मोठ्या संघावर पैसा घालण्यापेक्षा आम्ही शाळेतल्या मुलांच्या फुटबॉलकडे लक्ष देणार. त्यानंतर कंपनीने शाळांच्या स्पर्धा भरवल्याही. तेव्हा कंपनीला दोष देऊन मोकळं होणं बरोबर नाही. 48 वर्षं तिने संघ पोसला. शाळकरी मुलांसाठी खर्च करणं ही वाईट गोष्ट नव्हे.

पण काकूंचा प्रश्न राहतोच. जिंकणारा संघ बंद कसा होतो?

उत्तर असं, की संघ मैदानावर जिंकत होता, पण स्वतःच्या पायावर कधीच उभा नव्हता. खेळाडूंचे पगार, परदेशी खेळाडूंचे करार, प्रवास, मुक्काम, खाणंपिणं, सगळा पैसा एकाच दारातून यायचा. तिकीट काढून येणारे प्रेक्षक थोडे. टीव्हीवरून मिळणारं उत्पन्न नावापुरतं. वर्गणी भरणारे सभासद नाहीत. ज्याचा पैसा त्याचा निर्णय, हा जगाचा व्यवहार आहे. तो निर्णय झाला एका कार्यालयात. काकूंच्या दिरांसारखे लोक वर्षानुवर्षं कूपरेजला जात होते, पण त्यांना कोणी विचारलं नाही, कारण त्यांना विचारावं असा नियमच नव्हता. त्यांच्याकडे जर्सी होती. मत नव्हतं.

हे एकट्या महिंद्राचं झालं असंही नाही. पंजाबात फगवाड्याला जेसीटी मिलचा संघ होता. पहिली राष्ट्रीय साखळी त्यानेच जिंकली होती. तो महिंद्राच्या पाठोपाठ 2011 मध्ये बंद झाला. 2013 मध्ये एअर इंडिया आणि ओएनजीसी हे संघ आय-लीगच्या बाहेर गेले. तेव्हा नवा नियम आला होता, की क्लबला परवाना लागेल आणि तो मिळवायला क्लब ही आपल्या पायावर उभी असलेली स्वतंत्र संस्था पाहिजे. खात्याचे आणि कंपनीचे संघ त्या नियमात बसले नाहीत. रोव्हर्स कप तर त्याआधीच थांबला होता. 2000-01 नंतर तो झालाच नाही.

मुंबईत 2007 मध्ये मुंबई एफसी नावाचा आणखी एक क्लब निघाला. त्याच्याही मागे एक उद्योगसमूह होता. महिंद्राकडून खेळलेला खालिद जमील तिथे अनेक वर्षं प्रशिक्षक होता. पुढे तो मिझोरामला ऐझॉल या छोट्या क्लबकडे गेला आणि 2016-17 मध्ये त्या क्लबला त्याने आय-लीग जिंकून दिली. सगळा देश थक्क झाला. त्याच हंगामात मुंबई एफसी तळाला गेला आणि 2017 मध्ये तोही बंद झाला. म्हणजे माणूस आपलं कसब घेऊन पुढे गेला, त्याने नाव काढलं. पण त्याला ज्यांनी घडवलं ती दोन्ही घरं मागे उरली नाहीत.

मग टिकलं कोण? लांब जायला नको, आपल्या कोल्हापूरला जाऊ.

कोल्हापुरात फुटबॉल म्हणजे पेठेची इज्जत. तिथले संघ कंपन्यांचे नाहीत, तालमींचे आहेत. पाटाकडील तालीम, खंडोबा तालीम, दिलबहार तालीम, बालगोपाल तालीम, शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस क्लब ही नावं तिथल्या पोराटोरांना पाठ असतात. देशाच्या मोठ्या साखळीत हे संघ खेळत नाहीत. शाहू स्टेडियमवर आपसांत खेळतात. पण सामन्याला स्टेडियम भरतं, आणि निकालाची चर्चा रात्री उशिरापर्यंत कट्ट्यावर चालते.

तालमीला पैसा कुठून येतो? थोडा वर्गणीतून, थोडा पेठेतल्या दुकानदारांकडून, थोडा पुढाऱ्यांकडून, थोडा बक्षिसांतून. एक दार बंद झालं तर दुसरं उघडं असतं. एखादा देणगीदार रागावून गेला तरी तालीम जागेवर राहते, कारण ती त्याची नसते, पेठेची असते. खेळाडू गल्लीतला असतो, सामना नसतो तेव्हा तो दुकानात, रिक्षावर किंवा नोकरीवर असतो. आता सगळं गोडच आहे असं आम्ही म्हणणार नाही. ईर्षा फार, मैदानावर भांडणं होतात, कधी पोलिसांना यावं लागतं. पण संघ राहतात. आजोबा ज्या तालमीकडून खेळले, तिच्याकडून नातू खेळतो.

कोलकात्याचं उदाहरणही असंच आहे. मोहन बागान 1889 चा, ईस्ट बंगाल 1920 चा. दोन्ही क्लबांनी वाईट दिवस पाहिले, पैशाची चणचण पाहिली, मोठ्या कंपन्यांशी हातमिळवणी केली, ती मोडली, पुन्हा केली. पण त्यांचे हजारो सभासद आहेत. ते वर्गणी भरतात आणि कमिटीच्या निवडणुकीत मत देतात. कंपनी आली आणि गेली, तरी क्लबचं दार लावायचा अधिकार एकट्या कंपनीच्या हातात राहिला नाही.

मैत्रिणींनो, इथपर्यंत आलो तेव्हा आमच्या बैठकीत सगळ्या गप्प झाल्या. कारण आम्हाला आमचीच एक गोष्ट आठवली. ती सांगायला थोडं अवघड वाटतं, पण सांगतो.

काही वर्षांपूर्वी आमच्या गटातल्या बारा जणींना उल्हासनगरच्या एका कारखानदाराकडून जीन्सचे धागे कापायचं काम मिळालं. गठ्ठे घरी यायचे, धागे कापून परत जायचे, नगावर मजुरी. काम भरपूर होतं. हातात पैसा खेळू लागला आणि आम्ही ढिले पडलो. कोणी म्हणालं, दर आठवड्याला बैठक कशाला, भेटतोच की गठ्ठे घ्यायला. कोणी म्हणालं, बचत या महिन्यात राहू दे, मजुरी येतेय ना. हिशोबाची वही बाजूला पडली, कारण हिशोब कारखान्याचा माणूसच लिहायचा. गटाच्या कामाची जबाबदारी आमच्यावर होती. आम्ही वेळीच बोलायला हवं होतं. आम्हीही बोललो नाही. चांगलं चाललंय त्यात खोट कशाला काढायची, असं वाटलं.

मग एक दिवस गठ्ठे आले नाहीत. दुसऱ्या दिवशीही नाहीत. चौकशी केली तर कळलं, काम थांबलंय, पुन्हा कधी सुरू होईल सांगता येत नाही. कोणी आमच्याशी वाईट वागलं नाही. फक्त आम्हाला विचारायचं कारण कोणाला नव्हतं.

जून महिना होता. एकीला मुलीची फी भरायची होती, एकीच्या घरात आजारपण. गटाकडे हात पसरला तर पेटीत पैसा थोडा, कारण कित्येक महिने कोणी बचतच टाकली नव्हती. वही अपुरी, म्हणून बँकेकडेही लगेच जाता येईना. एका ताईने बाहेरून जबर व्याजाने पैसे उचलले. ते फेडताना तिचं मंगळसूत्र गेलं. दोघी जणी गट सोडून गेल्या, त्या अजून परत आलेल्या नाहीत. हे आमच्या मनाला लागून राहिलंय.

उरलेल्या दहा जणींनी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. काही नवीन शोधलं नाही. जी पंचसूत्री तुम्हाआम्हाला पहिल्या दिवशी शिकवतात तीच धरली. नियमित बैठक, नियमित बचत, नियमित अंतर्गत कर्ज, नियमित परतफेड, नियमित हिशोब. आज धागे कापायचं काम पुन्हा आहे, पण त्यासोबत दोघी-तिघी डबे देतात, काही जणी पिशव्या शिवतात. बाहेरचं काम कितीही आलं तरी बचत चुकवायची नाही, असा ठराव वहीत लिहून सगळ्यांच्या सह्या घेतल्या आहेत.

आमच्या अंबरनाथ पश्चिमेला विम्को नाका आहे. विम्को म्हणजे काडेपेट्या बनवणारा मोठा जुना कारखाना. कारखाना बंद झाला, नाक्याला नाव राहिलं. रिक्षावाला विचारतो, "विम्को नाका?" आणि आपण मान हलवून बसतो. इथल्या पोरांना नाव माहीत आहे, कारखाना माहीत नाही. महिंद्राच्या संघाचंही तसंच झालं. गटाचं तसं होऊ द्यायचं का, हे आपल्या हातात आहे.

कंपनीची मदत घेऊ नका, असं आमचं म्हणणं नाही. मिळेल ते काम घ्या, अनुदान घ्या, बँकेचं कर्ज घ्या, कोणी शिलाई मशीन दिली तर हसतमुखाने घ्या. महिंद्राने पैसा लावला नसता तर राष्ट्रीय साखळी महाराष्ट्रात आलीच नसती, हेही खरं आहे. मदतीने गट वाढतो. पण मदत थांबली त्या दिवशी गट उभा राहील एवढी तयारी आधीपासून पाहिजे.

म्हणून तुमच्या पुढच्या बैठकीत तीन प्रश्न मोठ्याने वाचा आणि उत्तरं वहीत लिहा.

पहिला प्रश्न: आपल्या गटाकडे पैसा किती दारांतून येतो? बोटांवर मोजा. एकच बोट दुमडलं गेलं तर दुसरं दार शोधायला लागा.

दुसरा प्रश्न: उद्या सकाळी ते मोठं दार बंद झालं, तर आपली बचत आणि अंतर्गत कर्ज किती महिने चालेल? अंदाज नको, पासबुक समोर ठेवून सांगा.

तिसरा प्रश्न: गटाबद्दलचा निर्णय कोण घेतं? सगळ्या जणी मिळून घेतात, की अध्यक्षा एकटी, की बाहेरचा कोणी माणूस? कधीच न बोलणाऱ्या ताईला त्या दिवशी मुद्दाम बोलतं करा.

काकूंनी ती लाल जर्सी धुऊन, उन्हात वाळवून पुन्हा पेटीत ठेवली. पायपुसणं करायला मन झालं नाही, म्हणाल्या. आम्ही विचारलं, "मग काकू, मिळालं का उत्तर?" काकू म्हणाल्या, "मिळालं गं. संघ लोकांचा वाटायचा, पण लोकांचा नव्हता." आणि मग पदराची गाठ सोडून त्यांनी त्या आठवड्याची बचत आधी मांडून ठेवली, चहा नंतर.

तुमच्या गटाची उत्तरं आम्हाला जरूर कळवा.